उत्तराची जागा

"गाण्याच्या मधोमध हे भोक कसलं ठेवलंय?" प्रासितसाहेबांनी विचारलं.

ते माझ्या खुर्चीमागे उभे होते. काचेपलीकडे सोम उभी होती, एका कानावरचा हेडफोन मागे सरकवून. मी बटण दाबून साहेबांचा प्रश्न जसाच्या तसा तिला ऐकवला.

"भोक नाही," ती म्हणाली. "जागा आहे."

"कुणाची?"

"ज्यानं उत्तर द्यायचं, त्याची."

साहेबांनी माझ्याकडे पाहिलं. मी रेकॉर्डिंग करणारा माणूस, माझ्याकडे पाहून काही उपयोग नव्हता. मी टेप मागे घेतली आणि पुन्हा लावली. पहिलं कडवं सोमचं. एक बाई दूर गेलेल्या माणसाला हाक मारते आणि म्हणते, भात कापून झालं, खळं झाडून ठेवलंय, म्हातारा बैल अजून तुझ्या वाटेकडे तोंड करून बसतो, घरी कधी येतोस? त्यानंतर एका अख्ख्या कडव्याइतका वेळ कुणीच गात नाही. नुसता खेन वाजत राहतो. खेन म्हणजे बांबूच्या नळ्यांचं, तोंडानं फुंकायचं, सोमच्या मुलखातलं वाद्य. मग सोम दुसरं कडवं घेते, जणू मधल्या काळात कुणी काहीतरी सांगून गेलंय.

"रेडिओवर हे लागलं तर लोकांना वाटेल स्टेशन बंद पडलं," साहेब म्हणाले.

बँकॉकमधली ही शहाण्णव सालची गोष्ट. आज त्या देशात सोमचा आवाज कानावर न पडता एक दिवस काढणं अवघड आहे. शाम्पूच्या बाटलीपासून विमानतळावरच्या भल्यामोठ्या फलकापर्यंत तिचा चेहरा असतो. तेव्हा ती एकोणीस वर्षांची होती आणि तिची पहिली कॅसेट व्हायची होती.

मी मूळचा नागपूरचा. मुंबईच्या एका स्टुडिओत काम शिकलो. बँकॉकला प्रासितसाहेबांच्या कॅसेट कंपनीनं मिक्सिंगचं नवं यंत्र घेतलं तेव्हा ते बसवून द्यायला म्हणून गेलो, तो तिथेच राहिलो. देवतळे हे आडनाव तिथे कुणाच्या जिभेवर बसेना, म्हणून सगळ्यांचा मी नुसता 'देव' झालो. तिकडे प्रत्येकाला दोन नावं असतात, एक कागदावरचं आणि एक हाक मारायचं. 'सोम' हे हाक मारायचं. त्याचा अर्थ संत्रं, हे कळलं तेव्हा मी कुठला हे तिला सांगितल्याशिवाय मला राहवलं नाही. तेव्हापासून ती मला गाववाल्यासारखं वागवायला लागली. थोरल्या माणसाला त्यांच्याकडे नावाआधी एक शब्द लावतात, आपल्या दादासारखा. तेव्हा मी तिचा देवदादा.

ती कालासिनची, म्हणजे ईसानातली. आपल्या ईशान्य शब्दाचंच ते रूप. देशाच्या त्या कोपऱ्यातला कोरडा, भातशेतीचा मुलूख. तिथून माणसं बँकॉकला येतात ती टॅक्सी चालवायला, इमारती बांधायला, लोकांच्या घरी धुणीभांडी करायला. त्यांची बोली वेगळी आहे, आणि शहरात ती सहसा कुणी मोठ्यानं बोलत नाही. एका गाण्याच्या स्पर्धेत साहेबांनी सोमला ऐकलं आणि उचलून आणलं. मग कंपनीनं तिच्यावर काम सुरू केलं. नाच शिकवायला एक बाई, चालायला शिकवायला दुसरी, आणि बोली घासून काढायला एक निवृत्त मास्तर.

सोमनं हे सगळं झटपट शिकून घेतलं. शहरी बोली ती कपडे बदलावेत तशी बदलायची. मास्तरांसमोर एक, आणि जेवणाच्या सुट्टीत बांबूच्या टोपलीतला चिकट भात आणि माशाची उग्र चटणी उघडून बसली की दुसरी. आजूबाजूच्या पोरी नाक मुरडायच्या. ती त्यांच्यापुढेच टोपली धरायची आणि खाऊन बघा म्हणायची. पहिल्यांदा मी खाल्लं. तिखटाला मी घाबरत नाही. नंतर हळूहळू बाकीच्याही खायला लागल्या. तिच्यात ओशाळलेपण म्हणून कुठे नव्हतं. आपल्याला गाता येतं हे तिला माहीत होतं, आणि ते इतरांना कळायला वेळ लागला तरी तिची हरकत नव्हती.

करारानुसार कॅसेटवर दहा गाणी होती. नऊ कंपनीनं निवडलेली, नाचायची, झगमगीत. दहावं ती स्वतः घेऊन आली होती, ईसानी बोलीतलं. तेच हे.

प्रासितसाहेब वाईट माणूस नव्हते. गाण्यातलं त्यांना कळत होतं आणि धंद्यातलं त्याहून जास्त. दुसऱ्या दिवशी त्यांनी एका नावाजलेल्या गायकाला बोलावून आणलं. मधल्या जागेसाठी उत्तराचं कडवं त्यांनी कुणाकडून तरी लिहून घेतलं होतं. गायकानं एकाच दमात ते असं काही म्हटलं की माझ्या अंगावर काटा आला. सोम काचेच्या या बाजूला, माझ्या शेजारी बसून ऐकत होती. गाणं संपल्यावर ती आत गेली, हात जोडून त्याला वाकून नमस्कार केला आणि फार सुंदर झालं म्हणाली. मग बाहेर येऊन साहेबांना म्हणाली, "पण हे उत्तर यांचं नाही."

साहेबांनी आवाज चढवला नाही. एका नव्या मुलीसाठी एवढा मोठा गायक आला, तो काही सारखा येणार नाही, एवढंच त्यांनी सांगितलं. हे असंच जाईल, नाहीतर गाणं कॅसेटमधून वगळलं जाईल, असंही सांगितलं.

"मग नऊच गाण्यांची कॅसेट काढा," सोम म्हणाली. "त्यांचं काम मी पूर्ण केलंय. मी गावी जाते. जत्रांचे दिवस जवळ आलेत. नवव्या वर्षापासून मी जत्रेत गातेय, तिथे मला बोलावणी आहेत."

हे तिनं धमकीसारखं म्हटलं नाही. खरंच तसं करायला ती तयार होती, आणि त्यात तिला काही गमावल्यासारखं वाटणार नव्हतं. साहेबांना ते दिसलं. माणसाला कशाची भीती आहे हे ओळखण्यात त्यांचा हातखंडा होता, आणि इथे त्यांच्या हाती काही लागत नव्हतं.

एक गोष्ट मात्र त्यांना तिच्याकडून हवी होती आणि सोम ती महिनोन्‌महिने देत नव्हती. सोम हे नाव त्यांना नको होतं. ईसानातल्या प्रत्येक गल्लीत एक सोम असते, असं ते म्हणायचे. त्यांनी 'अलिसा' असं नाव काढलं होतं, आणि बँकॉकात जन्मलेली, एका डॉक्टरांची मुलगी, अशी एक कहाणीही.

"कहाणी नको," सोम म्हणाली. "मी खोटं बोलणार नाही, कुणी विचारलं तर कालासिन सांगेन. नाव घ्या तुम्ही. जागा मला ठेवा."

"नाव बदललं तर तुझ्या गावाला तरी कळेल का, की ही तू आहेस?"

"ज्यानं ओळखायचं तो आवाजावरून ओळखेल."

तिथे व्यवहार ठरला. गाणं शेवटी, दुसऱ्या बाजूला जाणार. त्याची जाहिरात नाही, चित्रफीत नाही. नऊ गाणी चालली की बास, हा साहेबांचा हिशेब. मी गाणं मिक्स करत होतो तेव्हा सोम येऊन बसली आणि खेनचा आवाज त्या जागेत थोडा खाली ठेवायला सांगितला. जास्त मोठा ठेवला तर कुणी मध्ये बोलणार नाही, असं तिचं म्हणणं होतं. मला त्याचा अर्थ कळला नाही, पण सांगितलं तसं केलं.

कॅसेट बाजारात आली. नऊ गाणी बरी चालली. नाचाच्या कार्यक्रमांत दोन-तीन वाजू लागली. अलिसा हे नाव मासिकांत दिसू लागलं. साहेब खूश होते.

मग एकदा मी कामावरून टॅक्सीनं घरी चाललो होतो. टॅक्सीवाला उबोनचा होता, ईसानातलाच. आरशाला फुलांची माळ, खाली कॅसेटचा ढीग. टेपवर सोमचं दहावं गाणं चालू होतं. पहिलं कडवं झालं, ती जागा आली, आणि त्यानं पुढच्या गाडीवरची नजर न हटवता खड्या आवाजात स्वतःच उत्तर गायला सुरुवात केली. मालक सुट्टी देत नाही, पोरीची शाळा सुरू आहे, पुढच्या कापणीला नक्की येईन, अशा अर्थाचं काहीतरी. सोमचं दुसरं कडवं सुरू झालं तेव्हा तो बरोबर थांबला.

हे कुठे शिकलात, मी विचारलं. शिकायचं काय त्यात, तो म्हणाला, सगळेच गातात. प्रत्येकाचं वेगळं असतं.

दुसऱ्या दिवशी सोमला सांगितलं तेव्हा ती नुसती हसली. ईसानात हे नवं नाही, म्हणाली. तिथे गाण्याला गाण्यानं उत्तर द्यायचं हे पोरासोरांना येतं. शहरात येऊन लोक ते विसरलेले नव्हते, त्यांना कुणी विचारलं नव्हतं इतकंच.

त्यानंतर ते गाणं थांबवणं कुणाच्या हातात राहिलं नाही. बांधकामांवर, मंडईत, रस्त्याकडेच्या खाणावळीत ते वाजायला लागलं. एका रेडिओ निवेदकानं लोकांना फोन करून आपापलं उत्तर गायला सांगितलं, आणि त्याचा फोन दिवसभर थांबेना. मोलकरणी गात होत्या, रखवालदार गात होते. कराओकेच्या दुकानांत लोक फक्त त्या एका कडव्यासाठी रांग लावत होते. कॅसेटची दुसरी बाजू लोक आधी लावायला लागले. ईसानी बोली बस स्टॉपवर मोठ्यानं ऐकू यायला लागली.

साहेबांनी वेळ घालवला नाही. जाहीर कार्यक्रम करायचा ठरवला. शहराच्या मधोमध, वातानुकूलित सभागृहात, टीव्हीवाल्यांना बोलावून. सोमनं नकार दिला. कार्यक्रम समुत प्राकानला करा, म्हणाली. बँकॉकच्या दक्षिणेला समुद्राकडचा तो कारखान्यांचा पट्टा. तिथल्या फुटबॉलच्या मैदानावर, रविवारी दुपारी, आणि सगळ्यांना मोफत.

साहेब म्हणाले, चांगले ऐकणारे सभागृहात येतात.

"तुमच्या सभागृहाच्या दारात जे रखवालदार उभे असतात ना, ते माझे ऐकणारे," ती म्हणाली.

आता तिच्याशी वाद घालण्यात अर्थ नाही हे साहेबांना कळलं होतं. त्यांनी मैदान घेतलं.

त्या रविवारी सकाळपासून मी स्टेजवर होतो. ऊन चढलं होतं, स्पीकर तापून हात लावू देत नव्हते. सोम टोपी घालून आली, स्टेजच्या कडेला उभी राहून मैदान पाहिलं आणि मला म्हणाली, "देवदादा, आणखी एक माइक लावा. माझ्या शेजारी. माझ्यापेक्षा चार बोटं उंच."

कोण गाणार आहे, मी विचारलं. यादीत कुणाचं नाव नव्हतं. तेव्हा ती स्टेजच्या पायरीवर बसली आणि तिनं मला पहिल्यांदा ते सांगितलं.

तिला एक थोरली बहीण होती, निम. वडील शेती करायचे आणि जत्रेत गाणाऱ्यांना कवनं रचून द्यायचे. दोघी मुली लहानपणापासून जोडीनं गायच्या. त्यांच्याकडच्या या सवाल-जवाबाच्या गाण्यात, मोरलाममध्ये, बाईनं विचारायचं आणि पुरुषानं उत्तर द्यायचं, तेही बऱ्याचदा तिथल्या तिथे रचून. या जोडीत पुरुष निम व्हायची. तिचा आवाज खालचा होता. केस कापायची, वडिलांचा सदरा घालायची. लोक टाळ्यांनी डोक्यावर घ्यायचे.

"स्टेजवर सगळ्यांना ते आवडायचं," सोम म्हणाली. "खाली उतरल्यावरही ती सदरा काढेना, तेव्हा कुणालाच आवडेना झालं."

निमचं गावातल्याच एका मुलीशी जमलं होतं. तिच्याबरोबर राहायचं, असं तिनं घरात सरळ सांगितलं. वडील म्हणाले, मला दोन मुली आहेत, मुलगा नाही. मुलगी म्हणून राहायचं असेल तर राहा. त्याच दिवशी निम आणि ती मुलगी गाव सोडून गेल्या. निम समुत प्राकानला कुठल्याशा शिवणकामाच्या कारखान्यात आहे, एवढंच पुढे कानावर आलं. सोमनं बँकॉकला आल्यावर सुट्टीच्या दिवशी जाऊन चौकशा केल्या होत्या. पण तिथे कारखाने शेकड्यांनी, आणि निमनं नाव कुठलं लावलं असेल कोण जाणे.

"मग गायिका झालीस ती तिला शोधायला?"

"नाही. गायिका मला व्हायचंच होतं," ती म्हणाली. "पण एवढा मोठा लाउडस्पीकर हातात येणार असेल, तर घरचा एक निरोप तरी देऊन टाकावा, नाही का?"

मी माइक लावला. चार बोटं उंच.

दुपारी मैदान भरलं. कारखान्यांचे गणवेश, गळ्यात ओळखपत्रं, कडेवर पोरं, डोक्यावर वर्तमानपत्रांच्या टोप्या. साहेब आधी कपाळावरचा घाम पुसत होते, मग गर्दी पाहून पुसायचं विसरले. सोमनं नऊ गाणी गायली, नाचली, लोकांना हसवलं. मग नाचणाऱ्या पोरींना आत पाठवलं, खेनवाल्या काकांना पुढे बोलावलं आणि ते गाणं सुरू केलं.

जागा आली तेव्हा ती आपल्या माइकपासून एक पाऊल मागे सरली आणि दुसऱ्या माइककडे तोंड करून उभी राहिली. सगळं मैदान गायला लागलं. प्रत्येकाचे शब्द निराळे, म्हणून ऐकू येत होता तो नुसता आवाज, एकाच चालीत वर चढणारा. माझ्या यंत्रावरचे सगळे काटे उजवीकडे जाऊन टेकले. मी मात्र त्या माइककडे बघत होतो. तिथे कुणी आलं नाही. कडवं संपलं. सोम वळली आणि बरोबर वेळेवर दुसरं कडवं घेतलं. सूर कणभरही हलला नाही.

कार्यक्रम संपला, गर्दी पांगली. ऊन उतरत होतं आणि मी केबल गुंडाळत होतो. सोम सामानाच्या पेटीवर बसून प्लास्टिकच्या पिशवीतला थंडगार चहा नळीनं पीत होती. साहेब पत्रकारांना, गाण्यात ही जागा ठेवण्याची कल्पना कशी सुचली, ते समजावून सांगत होते. ती ऐकत होती.

तेवढ्यात दोन माणसं स्टेजमागे आली. पुढे आखूड केसांची, चौकड्यांचा सदरा बाहेर सोडलेली, गळ्यात कारखान्याचं ओळखपत्र. मागे एक बाई, हातात दोघांच्या चपला घेऊन उभी. चिखलातून आली असावीत. मला काही विचारावं लागलं नाही. सोमनं मान वर केली.

"माइक तुझ्यासाठी होता," सोम म्हणाली.

"दिसला."

"मग?"

"मी खालूनच गायलं," निम म्हणाली. खरंच खालचा आवाज होता तिचा.

"मला ऐकू नाही आलं."

"माहीत आहे." निमनं ओळखपत्र सदऱ्याच्या खिशात सरकवलं. गाणं पहिल्या आठवड्यातच कारखान्यात पोचलं होतं, म्हणाली. शिवणाऱ्या बायका दिवसभर तेच गात. सोमचा आवाज तिनं पहिल्या ओळीला ओळखला होता आणि ती बोलावतेय हेही तिला कळलं होतं. "पण तू बोलावून काय होणार? घर तुझं नाही. बाबांचं आहे."

"गाणं नीट ऐकलंस?"

"पाठ आहे."

"ते रचलंय कुणी?"

"तूच असशील."

"मला दोन ओळी जुळवता येत नाहीत, हे तुझ्याइतकं कुणाला ठाऊक आहे?"

इथे एक सांगायला हवं. ईसानी बोलीत थोरल्या भावाला जो शब्द आहे, त्यानंच आईबाप थोरल्या मुलाला हाक मारतात, आणि तोच बायका प्रियकरालाही लावतात. गाण्यातली पहिली हाक त्याच शब्दाची आहे. टॅक्सीवाल्यांनी, रेडिओवाल्यांनी, साहेबांनी आणि मीही ती प्रियकराची हाक समजून ऐकली होती. निमनंही बहुधा बहिणीनं जुन्या सवयीनं मारलेली, जत्रेतली हाक समजून ऐकली असावी.

निम पेटीच्या कडेला टेकली. तिच्याबरोबरची बाई दोन पावलं पुढे आली.

"बाबांनी?" निमनं विचारलं.

"मी बँकॉकला निघायच्या आदल्या दिवशी. खळ्यात बसून. म्हणाले, हे तिकडे गा. उत्तराची जागा मोकळी सोड, तिथे दुसऱ्या कुणाला गाऊ देऊ नकोस."

"आणि तो शब्द? तो तू घातलास."

"नाही," सोम म्हणाली. "तो शब्द त्यांनी आधी म्हटला. कितीतरी वेळ नुसता तोच म्हणत होते. बाकीचं गाणं त्याच्यामागून आलं."

पलीकडे साहेब कुणाला तरी हसून काही सांगत होते. खेनवाले काका वाद्य कापडात बांधत होते. निम खाली मान घालून बसली होती. त्या बाईनं चपला खाली ठेवल्या आणि तिच्या खांद्यावर हात ठेवला. निमनं सदऱ्याच्या बाहीनं तोंड पुसलं आणि वर बघून विचारलं, "कालासिनची बस अजून मोचितच्या स्टँडवरूनच सुटते ना?"

सोमनं चहाची पिशवी माझ्या हातात दिली आणि ती उठली.